वस्तू, देखावा आणि स्थान : चिखल्याच्या खाणीच्या निमित्ताने इतिहासप्रदर्शनाचा विचार

१

मध्य प्रांताचे मुख्य आयुक्त सर रिचर्ड टेंपल यांच्या कारकिर्दीत, १८६३ साली, नागपूरचे मध्यवर्ती संग्रहालय स्थापन झाले. विदर्भातल्या सर्वसामान्य माणसाने मात्र त्याचे नामकरण 'अजब बंगला' असे करून टाकले आणि आजतागायत तेच नाव चालत आले आहे. या दोन शब्दांत एका संस्थेची संपूर्ण समीक्षा सामावलेली आहे, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही. 'बंगला' हे साहेबाचे घर. तेथे जायचे ते बाहेरचा माणूस म्हणून. 'अजब' हा शब्द तेथील वस्तूंचे वर्णन करतोच, परंतु त्याहून अधिक तो पाहणाऱ्याच्या मनःस्थितीचे वर्णन करतो. वस्तू पाहून माणूस चकित होतो; तिच्याशी त्याचे काही नाते आहे, असे त्याला वाटतेच असे नाही.

स्टीफन ग्रीनब्लाट यांनी १९९० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका निबंधात संग्रहालयातील वस्तूच्या दोन शक्तींमध्ये भेद केला आहे. पहिली विस्मयाची : ती प्रेक्षकाला जागीच थांबवते. दुसरी अनुनादाची : ती वस्तूच्या सीमा ओलांडून, ज्या सामाजिक व सांस्कृतिक व्यवहारांतून ती वस्तू निर्माण झाली त्यांच्यापर्यंत प्रेक्षकाला नेते. 'अजब बंगला' हे नाव पहिल्या शक्तीची साक्ष देते. दुसरीविषयी ते मौन बाळगते. अलीकडे संग्रहालयांच्या संदर्भात 'इतिहास जिवंत करणे' हा शब्दप्रयोग सर्रास वापरला जातो. तो बहुधा या दुसऱ्या शक्तीला उद्देशून असतो. परंतु इतिहास जिवंत करणे म्हणजे नेमके काय करणे, आणि ते कोणी, कोणाच्या वतीने करायचे, हे प्रश्न तंत्राच्या कक्षेतले नाहीत. ते कथनाचे प्रश्न आहेत. म्हणूनच साहित्यसमीक्षेला त्यांत लक्ष घालण्याचा अधिकार पोहोचतो.

प्रदर्शन ही एक संहिता असते. तीत निवड असते, क्रम असतो आणि वगळणूकही असते. वस्तूखालची चिठ्ठी हा तिचा निवेदक. हा निवेदक नेहमी तृतीयपुरुषी, नावाविना बोलणारा आणि सर्वज्ञ असतो. तो 'मला वाटते' असे कधी म्हणत नाही. कादंबरीतल्या सर्वज्ञ निवेदकाकडे मराठी समीक्षा संशयाने पाहू लागली त्याला बराच काळ लोटला. संग्रहालयातील निवेदकाकडे तसे पाहण्याची वेळ मात्र अजून यायची आहे. भंडारा जिल्ह्यातील तुमसर तालुक्यातले चिखला हे खाणीचे गाव हा विचार करण्यासाठी विशेष सोयीचे आहे. ज्या गावाचा इतिहास अजून प्रदर्शनाच्या भाषेत पुरता बसलेला नाही, तेथे प्रदर्शनाच्या भाषेच्या मर्यादा अधिक स्पष्टपणे दिसतात.

२

इतिहासाच्या प्रदर्शनाच्या ढोबळमानाने तीन पद्धती कल्पिता येतात. त्यांतील पहिली जंत्रीची. १८७० मध्ये आजच्या बालाघाट जिल्ह्यातील गुंगेरिया येथे तांब्याची ४२४ हत्यारे आणि चांदीचे १०२ पत्रे असा मोठा साठा सापडला. त्याचे नमुने पुढे निरनिराळ्या संग्रहालयांत विभागले गेले. काही नागपुरात राहिले, काही लंडनपर्यंत गेले. एकत्र पुरलेल्या वस्तूंचा जो अर्थ असतो, तो त्या विभागल्या जाताच बदलतो. पुरणाऱ्याने त्या एका हेतूने एका जागी ठेवल्या होत्या. कपाटात ठेवलेली एकटी कुऱ्हाड तो हेतू सांगू शकत नाही, ती केवळ आपला प्रकार सांगते. जंत्रीची ही पद्धती शकावलीला जवळची आहे. नोंद बिनचूक असते, पण दोन नोंदींमधला कार्यकारणभाव वाचकाने स्वतः जुळवायचा असतो. विद्वानाला हे जमते. इतरांच्या वाट्याला विस्मय येतो.

दुसरी पद्धती देखाव्याची. मुंबईत १८७२ मध्ये खुल्या झालेल्या आणि १९७५ पासून डॉ. भाऊ दाजी लाड यांचे नाव धारण करणाऱ्या संग्रहालयात शहरातील नाना जातिजमातींच्या व व्यवसायांच्या मातीच्या लहान प्रतिकृती आहेत. स्वीडनमध्ये आर्टुर हाझेलियस यांनी १८९१ मध्ये स्टॉकहोम येथे 'स्कान्सेन' उभे केले, तेव्हा देशभरातील जुनी घरे मुळासकट उचलून एका टेकडीवर आणली. आपल्याकडे कोल्हापूरजवळ कणेरी मठाच्या परिसरातील ग्रामजीवन संग्रहालय हे या पद्धतीचे सर्वांत लोकप्रिय उदाहरण होय. माणसांच्या व जनावरांच्या पूर्णाकृती पुतळ्यांतून तेथे यंत्रपूर्व काळातील स्वयंपूर्ण गाव साकारले आहे.

देखाव्याचे साहित्यातील भावंड म्हणजे ऐतिहासिक कादंबरी. रोलाँ बार्थ यांनी १९६८ मधील एका लेखात दाखवून दिले की, वास्तववादी कथनात कथानकाला कोणताही हातभार न लावणारे निरुपयोगी तपशील येतात आणि 'हे खरे आहे' एवढेच सुचवणे हेच त्यांचे कार्य असते. देखाव्यातील चुलीतली राख, सुपातले दाणे, भिंतीवर टांगलेली दोरी हे तपशील नेमके तेच कार्य करतात. राख खरी वाटते म्हणून चूल खरी वाटते. चूल खरी वाटते म्हणून घर, आणि घर खरे वाटते म्हणून घरातल्या माणसांचे परस्परसंबंधही खरे वाटू लागतात. शेवटची ही पायरी प्रेक्षकाच्या नकळत ओलांडली जाते, आणि धोका तेथेच असतो.

कणेरीच्या गावात बारा बलुतेदार आपापल्या कामात मग्न दिसतात. काम दिसते, कौशल्य दिसते. बलुते मिळाले की नाही, मिळाले तर किती, आणि त्यासाठी कोणाच्या दारात किती वेळ उभे राहावे लागले, हे पुतळ्याला दाखवता येत नाही. त्रिंबक नारायण आत्रे यांचा 'गाव-गाडा' हा ग्रंथ १९१५ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यातही बलुतेदार आहेत. परंतु तेथे गाव हा हक्क, देणी, कुरबुरी आणि ओढाताण यांचा व्यवहार आहे. आणि १९७८ मध्ये दया पवारांनी आपल्या आत्मकथनाला 'बलुतं' हे नाव दिले, तेव्हा या एका शब्दाचा अर्थच उलटा झाला. देखाव्यात जी परस्परावलंबनाची खूण आहे, ती आत्मकथनात वाट्याला आलेल्या दुःखाची खूण होते. दोन्ही ठिकाणी शब्द एकच, वस्तूही त्याच. बदलला आहे तो निवेदक.

येथे एक आक्षेप विचारात घ्यायला हवा. देखावा निरक्षराला कळतो, लहान मुलाला कळतो; चिठ्ठी वाचता न येणाऱ्यालाही त्यातून काही मिळते. संग्रहालयाची दारे ज्यांना एरवी परकी वाटतात त्यांना देखावा आत घेतो, आणि हे त्याचे लोकशाही मूल्य नाकारणे हा पंडिती अहंकार ठरेल. आक्षेप रास्त आहे. तथापि त्यातून देखाव्याची आवश्यकता सिद्ध होते, पुरेपणा सिद्ध होत नाही. देखावा खोटा असतो असे नाही. तो बंदिस्त असतो. त्याला प्रश्न विचारता येत नाही, कारण उत्तर देणारा कोणी तेथे नसतो.

३

देखाव्याच्या या मर्यादेचे भान पुण्याच्या राजा दिनकर केळकर संग्रहालयात काही प्रमाणात आढळते. दिनकर गंगाधर केळकर (१८९६-१९९०) हे 'अज्ञातवासी' या नावाने कविता लिहीत. आपल्या अकाली गेलेल्या मुलाचे नाव त्यांनी संग्रहालयाला दिले. त्यांनी गोळा केलेल्या सुमारे २० हजार वस्तूंमध्ये राजेमहाराजांच्या वस्तूंपेक्षा अडकित्ते, दिवे, दौती, वज्र्‍या, स्वयंपाकघरातली भांडी यांचे प्रमाण लक्षणीय आहे. हाताळून गुळगुळीत झालेल्या अडकित्त्याला पुतळ्याची गरज भासत नाही. ज्या हातांनी तो वापरला त्यांची आठवण त्याच्या आकारातच उरलेली असते. वस्तूची ही निवड कवीची आहे, असे म्हणावेसे वाटते. कारण तीत अंशावरून संपूर्णाकडे जाण्याची कवितेची रीत आहे.

याच संग्रहालयात पहिल्या बाजीरावाने कोथरूडला बांधलेल्या मस्तानीच्या महालाचे अवशेष आणून तो दालनरूपाने पुन्हा उभा केलेला आहे. लाकूडकाम जुने आहे, जागा नवी आहे. म्हणजे वस्तू अस्सल, पण स्थान हरवलेले. येथे येणारा प्रेक्षक कोऱ्या मनाने येत नाही. कादंबऱ्या, नाटके आणि चित्रपट यांतील मस्तानी तो बरोबर घेऊन येतो. दालन रिकामे असते आणि प्रेक्षक ते भरतो. वाचकप्रतिसादाच्या परिभाषेत बोलायचे तर, संहितेतील रिकाम्या जागा भरण्याचे काम येथे वाचकाकडे आहे. प्रश्न एवढाच उरतो की, ज्यांच्याविषयी कादंबरी नाही, नाटक नाही, चित्रपटही नाही, त्यांचे रिकामे दालन प्रेक्षकाने कशाने भरायचे? मस्तानीचे दालन रिकामे ठेवता येते. खाणीतल्या मजुराचे दालन रिकामे ठेवले, तर ते केवळ रिकामेच राहते.

४

चिखल्याचा प्रश्न येथून सुरू होतो. १८९६ मध्ये सेंट्रल प्रॉव्हिन्सेस प्रॉस्पेक्टिंग सिंडिकेट स्थापन झाली आणि विसाव्या शतकाच्या आरंभापासून नागपूर, भंडारा, बालाघाट या पट्ट्यातून मॅंगनीजचे खनिज बाहेर पडू लागले. पोलादासाठी मॅंगनीज अनिवार्य असल्यामुळे युरोपला त्याची निकड होती, आणि पहिल्या महायुद्धापूर्वीच रशियाच्या जोडीने भारत हा जगाचा एक प्रमुख पुरवठादार बनला होता. सिंडिकेटमधून पुढे आलेल्या ब्रिटिश कंपनीची जागा १९६२ मध्ये भारत सरकारच्या सहभागाने स्थापन झालेल्या मॅंगनीज ओअर (इंडिया) लिमिटेडने घेतली. आज 'मॉइल' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या कंपनीचे मुख्यालय नागपुरात आहे. भंडारा जिल्ह्यातील चिखला आणि डोंगरी बुजुर्ग या तिच्याच खाणी.

हा इतिहास प्रथम लिहिला गेला तो भूशास्त्राच्या भाषेत. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे एल. एल. फर्मोर यांचा भारतातील मॅंगनीजवरील बृहद्ग्रंथ १९०९ मध्ये प्रसिद्ध झाला. या पट्ट्यातील खडकांना व खनिजांना मिळालेली नावे पाहण्यासारखी आहेत. हॉलंडाइट हे नाव सर्वेक्षणाचे संचालक टॉमस हॉलंड यांच्यावरून, ब्लॅनफर्डाइट हे डब्ल्यू. टी. ब्लॅनफर्ड यांच्यावरून, व्ह्रेडेनबर्गाइट हे ई. व्ह्रेडेनबर्ग यांच्यावरून. चिखल्याच्या शेजारच्या तिरोडीवरून पुढे १९३८ मध्ये तिरोडाइट हे नाव आले. आणि मॅंगनीजयुक्त गार्नेट व गारगोटी यांनी बनलेल्या, या पट्ट्याची ओळखच असलेल्या खडकाला फर्मोर यांनी 'गोंडाइट' म्हटले, ते गोंडांवरून.

ही नामावली म्हणजे एका समाजरचनेचा आलेखच आहे. अधिकारी व्यक्तिनामाने येतात, गाव स्थलनामाने येते आणि येथील मूळ रहिवासी जमातीच्या नावाने येतो. गोंडाइट या नावात गौरव नाही असे नाही. एका जनसमूहाचे नाव त्यामुळे जगाच्या भूशास्त्रात कायमचे कोरले गेले. परंतु हॉलंड ही व्यक्ती आहे, गोंड ही मात्र जमातच. ज्या विशिष्ट माणसाने तो खडक फोडला, त्याला नाव मिळण्याची या पद्धतीत सोयच नव्हती. खनिजाचा नमुना कपाटात ठेवला जातो, तेव्हा चिठ्ठीवर खनिजाचे नाव आणि 'चिखला, जि. भंडारा' एवढेच येते. गाव हा खनिजाचा पत्ता होतो. चिठ्ठीतला हा निवेदक चुकीचे काहीही सांगत नाही, आणि तरीही गावाविषयी काहीच सांगत नाही.

शब्दसंग्रहाच्या क्षेत्रातही हीच कथा आढळते. स्टीफन हिस्लॉप या मिशनऱ्याने नागपूर परिसरात गोंडी गीते व लिंगोची कथा प्रधान गायकाकडून उतरवून घेतली. १८६३ मध्ये हिस्लॉप यांचा मृत्यू झाल्यावर त्यांची टिपणे १८६६ मध्ये ग्रंथरूपाने संपादित केली ती टेंपल यांनीच. संग्रहालयाचा संस्थापक आणि मौखिक परंपरेच्या या ग्रंथाचा संपादक एकच असावा, ही केवळ योगायोगाची गोष्ट नव्हे. एका बाजूने वस्तू तिच्या जागेवरून उचलली गेली, दुसऱ्या बाजूने गीत गायकाच्या गळ्यातून उचलले गेले. दोन्ही वाचले, हे निर्विवाद. मात्र ग्रंथ ओळखला जातो तो संग्राहकाच्या नावाने.

५

तिसरी पद्धती स्थानाची, आणि तिच्यासाठी परदेशाकडे पाहण्यापूर्वी मराठीकडेच पाहायला हवे. महानुभाव संप्रदायात 'स्थानपोथी' नावाचा ग्रंथ आहे. चक्रधरस्वामी जेथे जेथे गेले, बसले, राहिले, त्या स्थळांची नोंद तीत दिशा, दार, ओसरी, देऊळ अशा खुणांनी केलेली आहे. त्या स्थळी पुतळा नाही, ओटा आहे. भाविक ओट्यापुढे नमस्कार करतो तो 'येथे अमुक घडले' या वाक्याला. येथे इतिहास जिवंत होतो तो देखाव्यामुळे नाही. स्थान अचूक असते, लीळा पाठ असते आणि ती सांगणारा शेजारी उभा असतो, यामुळे तो जिवंत होतो. 'लीळाचरित्र' आणि 'स्थानपोथी' एकत्र वाचल्या तर कथन व स्थान यांचे हे परस्परावलंबित्व ध्यानात येते. चक्रधरांच्या भ्रमणात भंडाराही आहे. म्हणजे ज्या भूमीत संग्रहालयाची कल्पना बाहेरून आली असे आपण मानतो, त्या भूमीने स्मृतीचे एक शास्त्र कितीतरी आधी घडवले होते.

त्याही मागे जाता येते. वैनगंगेकाठच्या पवनीला नागपूर विद्यापीठ व भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण यांनी १९६९-७० मध्ये शां. भा. देव व ज. प. जोशी यांच्या नेतृत्वाखाली उत्खनन केले आणि मोठ्या बौद्ध स्तूपाचे अवशेष उजेडात आले. स्तूपाच्या दगडांवर दान देणाऱ्यांची नावे ब्राह्मी लिपीत कोरलेली आहेत. याच पवनीला महाक्षत्रप-कुमार रुपिअम्म याचा स्मृतिस्तंभ सापडला, आणि त्यावरील लेखात त्या स्तंभाला 'छायाखंभ' म्हटले आहे. छाया म्हणजे प्रतिमा, आणि छाया म्हणजे सावलीही. माणूस नाही, त्याची सावली आहे, हे या शब्दाला पुरते ठाऊक आहे. देखावा नेमके हेच विसरायला लावतो.

भंडारा जिल्ह्यातील हे दोन आदर्श, नाव कोरलेला दगड आणि स्थान सांगणारा ओटा, खाणीच्या इतिहासाला लावून पाहिले तर एक विलक्षण अडचण समोर येते. मॉइलच्या भूमिगत खाणींत खनिज काढून झाले की निर्माण झालेली पोकळी वाळूने भरून टाकतात. वरची जमीन खचू नये आणि पुढच्या थरावर काम करता यावे, यासाठी ते आवश्यक असते. अर्थात खाणकामगार ज्या जागी राबला ती जागाच पुढे उरत नाही. शेतकऱ्याचे शेत राहते, विणकराचा माग राहतो, गवंड्याची भिंत राहते. खाणकामगाराने निर्माण केली ती पोकळी, आणि तीही बुजवली जाते. येथे ओटा बांधायचा तर कोठे बांधायचा? स्थान नाहीसे होते तेथे स्थान सांगणारे शब्दच काय ते आधार उरतात, आणि हे शब्द माणसांबरोबर जातात.

वेल्समधील ब्लेनॅव्हन येथील 'बिग पिट' ही कोळशाची खाण १९८० मध्ये बंद झाली आणि १९८३ मध्ये संग्रहालय म्हणून खुली झाली. तेथे प्रेक्षकाला पिंजऱ्यातून ९० मीटर खाली नेले जाते, आणि नेणारे असतात पूर्वीचे खाणकामगार. खाली जाण्यापूर्वी काड्यापेटी, घड्याळ, बॅटरीवर चालणारी प्रत्येक वस्तू काढून ठेवावी लागते, कारण खाणीचे सुरक्षानियम अद्याप लागू आहेत. प्रेक्षकाला भय समजावून सांगितले जात नाही. त्याच्याकडून ते पाळून घेतले जाते. या प्रदर्शनाचे यश यंत्रसामग्रीत शोधू नये. ते निवेदक बदलण्यात आहे. सर्वज्ञ तृतीयपुरुषाच्या जागी येथे प्रथमपुरुष आला; त्याला प्रश्न विचारता येतो, तो अडखळतो, आणि दुसरा वाटाड्या तीच घटना वेगळी सांगतो.

मात्र चिखला हे ब्लेनॅव्हन नव्हे. येथील खाण बंद पडलेली नाही. काम चालू आहे, आणि चालू उद्योगाला आपले स्मरण करण्याची घाई नसते. शिवाय प्रथमपुरुष बोलणार कोणत्या भाषेत, हा येथे खरा प्रश्न आहे. तुमसरच्या या टोकाला झाडीबोली, पोवारी, गोंडी, हिंदी आणि छत्तीसगढी एकमेकींत मिसळतात. चिठ्ठीची भाषा प्रमाण मराठी किंवा इंग्रजी असणार. अपघात, पाळी, हजेरी, मुकादम, घमेले या शब्दांभोवती ज्या बोलीत अनुभव साठला, ती बोली चिठ्ठीत आणताच तिची समजूत घालावी लागते, कंसात अर्थ द्यावा लागतो. आणि कंस उघडला की बोलणारा पुन्हा नमुना होतो. डॉ. हरिश्चंद्र बोरकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी झाडीबोलीच्या अभ्यासाची व साहित्याची जी चळवळ उभी केली, तिचे महत्त्व या संदर्भात केवळ भाषिक राहत नाही. त्या चळवळीने बोलीला वाचक मिळवून दिला. प्रदर्शनाने बोलीला श्रोता मिळवून द्यावा, एवढी अपेक्षा अवाजवी म्हणता येणार नाही. दंडारीसारखी लोकनाट्याची परंपरा ज्या प्रदेशात आहे, तेथे इतिहासाला सिमेंटच्या पुतळ्यांचीच गरज का पडावी, हेही विचारायला हवे.

याच निवेदनातील एक पोकळी विशेष नोंदवण्यासारखी आहे. १९५२च्या खाण कायद्याने स्त्रियांना भूमिगत कामाची मनाई केली. तांत्रिक व देखरेखीच्या कामांपुरती ती २०१९ मध्ये शिथिल झाली. या दरम्यानच्या ६७ वर्षांत खाणीतील स्त्री ही कायद्याने जमिनीवरची स्त्री होती : खनिज वेचणारी, निवडणारी, वाहणारी. खाणीचा देखावा उभारायचा म्हटले की बोगदा, दिवा आणि पहार घेतलेला पुरुष हेच चित्र मनात येते. दगड आणि खनिज यांतला भेद वजनावरून नि रंगावरून हातानेच ओळखणाऱ्या बाईचे ज्ञान त्या चित्रात येत नाही. ते ज्ञान वस्तूत नाही, जागेतही नाही. केवळ हातात आहे. यंत्राने निवड होऊ लागली की ते निरुपयोगी ठरते आणि त्याची नोंद घेण्याचे कोणाला सुचत नाही.

६

जंत्री, देखावा आणि स्थान या तीन पद्धतींपैकी एकीची निवड करून बाकीच्या बाद करणे हा या विवेचनाचा उद्देश नाही. जंत्रीशिवाय अचूकता नाही, देखाव्याशिवाय प्रवेश नाही. परंतु 'इतिहास जिवंत करणे' या घोषणेचा अर्थ जर भूतकाळ आता येथे हजर आहे असा आभास निर्माण करणे एवढाच असेल, तर ती घोषणा इतिहासाच्या विरोधी आहे. भूतकाळ हजर नाही, हेच इतिहासाचे पहिले वाक्य असते. ओट्याला ते ठाऊक होते, छायाखंभालाही.

चिखल्याच्या बाबतीत या तात्त्विक भेदाचा परिणाम अगदी व्यावहारिक आहे. पुतळे केव्हाही करता येतील. पन्नास वर्षांनीही करता येतील. यंत्रे जपता येतील, खनिजाचे नमुने तर कपाटांत आहेतच. वाळूने बुजलेल्या कोणत्या पातळीवर कोण काम करीत होते, त्या जागेला कामगार आपसात काय म्हणत, खाली उतरण्यापूर्वी कोणाचे नाव घेत, हे सांगणारी पिढी मात्र निवृत्त होऊन घरी बसली आहे. तिची स्थानपोथी लिहून घेण्यासाठी इमारत लागत नाही. त्यासाठी झाडीबोली समजणारा एक श्रोता लागतो, आणि सांगणाऱ्याचे नाव चिठ्ठीवर आधी लिहिण्याची तयारी.